विहिरीच्या बाजूचा गार्ड

माझ्या बहरीनच्या करारावर 'स्टोअर क्लार्क' असं लिहिलं होतं. ते अर्धं खरं होतं. सकाळी सहा ते दुपारी दोन मी तेल कंपनीच्या कोठारात पाइप आणि व्हॉल्व्ह यांची नोंद ठेवत असे. पण मुंबईहून मला बोलावलं होतं ते संध्याकाळी पाचनंतरच्या कामासाठी, म्हणजे कंपनीच्या बास्केटबॉल संघात गार्ड म्हणून खेळण्यासाठी. खेळ जमला तर नोकरी राहणार होती, नाही जमला तर परतीची बोट. आणि मुलुंडच्या एका विहिरीपायी ती नोकरी जवळजवळ गेली होती. हे नीट सांगायचं तर विहिरीपासूनच सुरुवात करायला हवी.

आमची वाडी आग्रा रोडपासून पाच मिनिटं आत. कौलारू बैठ्या खोल्यांच्या दोन ओळी, बारा बिऱ्हाडं, मधे मोकळी जागा आणि त्या जागेच्या एका कडेला विहीर. बाराही घरांचं पिण्याचं पाणी तिचंच. पन्नासचं दशक नुकतंच सुरू झालं होतं आणि नळ आमच्या वाडीपर्यंत पोचले नव्हते. निम्मी बिऱ्हाडं माझ्या वडिलांसारखी कचेरीत जाणाऱ्यांची, निम्मी कोकणातून गिरणीत आणि कारखान्यांत आलेल्यांची.

बास्केटबॉल वाडीत आणला तो शाळेच्या ड्रिल मास्तरांनी. ते आमच्या शेजारच्या खोलीत राहत. व्यायामशिक्षकांच्या कुठल्याशा शिबिराला जाऊन आले आणि येताना एक वापरलेला चामडी चेंडू आणि नियमांची पातळ पुस्तिका घेऊन आले. लोहाराकडून दोन कड्या करून घेतल्या, खोक्यांच्या फळ्या जोडून त्यांच्यामागचे फळे केले आणि एका रविवारी चुन्याच्या रेषा मारल्या. पुस्तिकेतल्या मापाने रेषा मारायच्या तर विहीर मैदानाच्या आत येत होती. मास्तरांनी मैदान अरुंद केलं. तरीही एका बाजूची रेषा कठड्यापासून दोन हातांवरच आली, आणि कठडा गुडघ्याएवढा.

उंच पोरं कडीजवळ उभी राहत. आम्ही दोघं बुटके, म्हणून दोन्ही संघांचे गार्ड झालो. गार्डचं काम मागून चेंडू आणायचा, कुणी कुठे धावायचं ते ठरवायचं आणि चेंडू गमवायचा नाही. दोघं म्हणजे मी आणि माझा जोडीदार. तो मालवणकडचा, समोरच्या ओळीत राहणारा, माझ्याच वयाचा, म्हणजे विशीच्या आतबाहेरचा. विक्रोळीच्या एका कारखान्यात तो मशीनवर होता आणि मी त्याच कारखान्याच्या ऑफिसात टाइपिस्ट. आम्ही एकाच सायकलवर डबलसीट जायचो, जाताना पेडल त्याचं, येताना माझं. खेळात तो माझ्यापेक्षा चांगला होता. हे मी तेव्हाही मान्य करत होतो.

चेंडू विहिरीत पडला ती रविवारची सकाळ होती. विहिरीसमोरच्या खोलीतल्या काकू पाणी शेंदायला येऊन उभ्या होत्या. चेंडू कुणाच्या तरी हातून निसटला आणि रेषेपलीकडे निघाला. बाहेर गेलेला चेंडू ज्याच्या अंगाला शेवटी लागला त्याच्या विरुद्ध संघाला मिळतो, हा नियम आम्ही नुकताच शिकलो होतो. शिकलेला नियम वापरायची आम्हाला फार हौस.

"आमचा!" जोडीदार ओरडला. "तुझ्या बोटाला लागलाय."

"माझ्या? तूच ढकललास की रे!"

"मी? डोळे फुटले काय तुझे?"

दहाही जण एकमेकांकडे बोटं दाखवत उभे राहिलो. चेंडूने एक टप्पा जमिनीवर घेतला, एक कठड्यावर घेतला, मग जरा वेळ काहीच ऐकू आलं नाही. मग आतून 'धप्प' आलं.

काकूंनी पोहरा हातातच धरला. "काय पडलं रे?"

आम्ही दहाही जण एकेक पाऊल मागे सरकलो.

"मेल्यांनो, काय पडलं ते विचारतेय मी!"

"चेंडू पडला, काकू," मी म्हणालो.

"रबराचा ना?"

मास्तर आपल्या दारात होते, ते हळूच आत गेले.

"चामड्याचा," जोडीदार म्हणाला. "पण कालच पुसलाय."

पिण्याच्या पाण्यात चामडं पडलं. आज हे वाचून कुणाला हसू येईल, पण त्या दिवशी वाडीत बाराही चुली थांबल्या. दुपारी मोठी माणसं विहिरीपाशी जमली आणि निकाल झाला. खेळणाऱ्यांनी विहीर पूर्ण उपसायची, नवं पाणी भरेपर्यंत बाराही घरांना शेजारच्या वाडीतून पाणी आणून द्यायचं, आणि यापुढे चेंडू पुन्हा विहिरीत पडला तर दोन्ही कड्या काढून भंगारात द्यायच्या. खेळ कायमचा बंद.

विहीर उपसायला आम्हाला दुसऱ्या दिवशी दुपार उलटली. दोन पोहरे, दहा माणसं, पाळीपाळीने. तळाच्या गाळात चेंडू सापडला, शिवाय काकूंची दोन वर्षांपूर्वी हरवलेली फुलपात्रं सापडली, त्यामुळे त्यांचा आवाज थोडा खाली आला. पुढचे पाच दिवस पाणी वाहायचं होतं. पहिल्या सकाळीच घोटाळा झाला, एका घरी चार घागरी गेल्या आणि दुसऱ्या घरी एकही नाही. तेव्हा मी वहीचं पान फाडून यादी केली: कुठल्या घरी माणसं किती, घागरी किती, नेणार कोण. ती माझी पहिली यादी. दुसऱ्या दिवसापासून भांडण झालं नाही, आणि यादी केली की काम होतं हा समज माझ्या डोक्यात जो बसला तो अजून उतरलेला नाही.

पाणी भरलं, लाल औषध टाकून झालं, काकूंनी पहिला पोहरा ओढून ओतून दिला आणि दुसरा घरात नेला. त्या संध्याकाळी मी आणखी एक कागद लिहिला आणि मास्तरांनी तो फळ्याच्या खांबाला खिळ्यांनी ठोकला. सात नियम होते. सहा आता आठवत नाहीत. चौथा आठवतो: चेंडू विहिरीकडे गेला तर कुणाच्या हाताला लागून गेला हे बघायचं नाही. आधी अडवायचा, मग भांडायचं.

नियम लिहून भागणार नव्हतं, म्हणून विहिरीची पाळी ठरवली. विहीर माझ्या उजव्या हाताला असेल तेव्हा मी, बाजू बदलून त्याच्या उजव्या हाताला आली की जोडीदार. पाळीवाल्याने त्या रेषेवर चेंडू कधीच सोडायचा नाही. आम्ही त्याची पद्धत बसवली. झेप घ्यायची, चेंडू हवेतच पंजाने पकडायचा आणि न बघता डोक्यावरून मागे भिरकावायचा. कुणाच्या हातात जातो याची फिकीर नव्हती. मागे नऊ जण असत आणि नऊही जणांना चेंडू विहिरीपासून लांब हवा असे. मग खेळ तिथूनच पुढे चालू.

रोज संध्याकाळी हे चालत असे. माझ्या उजव्या कोपराला कठड्याचे वण आहेत. जोडीदाराने एकदा झेप घेतली आणि चेंडू अडवून स्वतःच कमरेपर्यंत आत लोंबकळला, तेव्हा काकूंनीच त्याची चड्डी धरून ठेवली. "पड, पड," त्या म्हणाल्या, "तू पडलास तर निदान विहीर उपसायला नको." पुढच्या तीन वर्षांत चेंडू एकदाही विहिरीत पडला नाही.

बाहेरच्या मैदानांवर आम्ही फारसे गेलो नाही. जोडीदाराला तर मशीन सोडायला सुट्टी मिळत नसे, त्यामुळे कारखान्यांच्या सामन्यांना तो क्वचितच येऊ शके. मी जात असे. तिथे कुणीतरी मला पाहिलं असावं. कारण एक दिवस ऑफिसातले खेळांचं बघणारे गृहस्थ कँटीनमध्ये माझ्यासमोर येऊन बसले. बहरीनची एक तेल कंपनी मुंबईत कारकून निवडते आहे, त्यांच्या संघाला एक गार्ड हवा आहे, टायपिंग आणि इंग्रजी चाललं पाहिजे, मुलाखत तीन आठवड्यांनी आहे, असं त्यांनी सांगितलं. जोडीदार शेजारीच बसला होता.

"एकच?" मी विचारलं.

"एकच," ते म्हणाले. "तुम्ही दोघंही अर्ज करा की."

त्या संध्याकाळी परतताना मी पेडल मारत होतो. मागून जोडीदार म्हणाला, "टायपिंग किती दिवसांत येतं रे?"

"रोज तासभर बसलास तर कामापुरतं येईल तीन आठवड्यांत."

"शिकवशील?"

"शिकवतो की," मी म्हणालो.

घरी जाऊन यादी केली. फोटो, शाळेचा दाखला, कारखान्याचं पत्र, वडिलांच्या साहेबांकडून टाय, बुटांना अर्धे तळवे. शेवटी लिहिलं: जोडीदाराला टायपिंग. यादीतल्या प्रत्येक कामापुढे बरोबरची खूण झाली. शेवटचं राहिलं. ऑफिसातलं मशीन सहानंतर मोकळं असे, मला वेळही होता. एकदा मी डोकं दुखतं म्हणालो, एकदा साहेब थांबलेत म्हणालो. तिसऱ्या वेळी त्याने विचारलं नाही. मुलाखतीला तो आला, दोन बोटांनी टाइप केलं आणि अर्ध्या पानावर वेळ संपला. बाहेर आल्यावर मला म्हणाला, "तुझं होतंय बघ. झकास. चल, चहा पाज."

माझं झालं.

निघायच्या दिवशी वाडीने विहिरीपाशी सतरंजी घालून निरोपसमारंभ केला. मास्तरांनी भाषण केलं, वाडीतला खेळाडू परदेशी संघात जातो आहे वगैरे. आईने लाडू दिले. काकूंनी मेतकुटाची बरणी दिली आणि सगळ्यांसमोर बजावलं, "तिकडे कुणाच्या पाण्यात काही पाडू नकोस." माझी ट्रंक जोडीदाराने सायकलच्या कॅरिअरला दोरीने बांधून स्टेशनपर्यंत ढकलत नेली. कारखान्यातली नोकरी मी सोडली होती. सहा महिने चाचणी, त्यात टिकलो तर पक्का करार, नाहीतर परत. सतरंजीवर बसलेली सगळी तोंडं आठवली की परत येणं शक्य नाही असं मला वाटायचं. बोटीवर चार रात्री मी हेच घोकत होतो.

बहरीनमध्ये आपलाच रुपया चालत असे, दुकानांत हिंदुस्तानी कळत असे, त्यामुळे पहिला आठवडा सोपा गेला. मैदान मात्र मी पाहत राहिलो. सिमेंटचं, गुळगुळीत, चहूबाजूंना रेषेपलीकडे चार-चार हात मोकळी जागा, खांबांवर विजेचे दिवे. संघात तीन अमेरिकन, चार लेबनानी, एक गोव्याचा आणि मी. आमचे शिक्षक म्हणजे कंपनीतलेच एक अमेरिकन साहेब, रंगाने तांबडे, बोलायला थोडके. शिट्टी गळ्यात असून वापरत नसत. नुसतं बघितलं की आम्ही थांबत असू.

चार महिने चांगले गेले. चेंडू माझ्याकडून सहसा कुणी काढू शकत नसे. अरुंद मैदानावर शिकलेल्याला रुंद मैदान म्हणजे चैन. साहेबांनी एकदा मान हलवली, ती मी वहीत लिहून ठेवली.

मग खाडीपलीकडच्या तेलवस्तीचा संघ आला. हिरवे बनियन घातलेले, आमच्यापेक्षा उंच. सामना अटीतटीचा झाला. शेवटचं अर्धं मिनिट उरलं असताना आम्ही एका गुणाने पुढे होतो. त्यांच्या सर्वांत उंच खेळाडूच्या हाताला लागून चेंडू उजव्या रेषेकडे निघाला. सरळ बाहेर जाणार होता आणि आमचा होणार होता. मग तो हातात ठेवून वेळ काढायचा, सामना खिशात. आमचे चौघंही थांबले होते. एकाने तर हात वर केले.

मी झेप घेतली. हवेत चेंडू पंजात पकडला आणि न बघता डोक्यावरून मागे भिरकावला.

मागे हिरवा उंच माणूस एकटाच होता. त्याने चेंडू झेलला, दोन पावलं टाकली आणि कडीत घातला. एका गुणाने हरलो.

 साहेबांनी मला बाकावर शेजारी बसवलं. जिथे मी झेप घेतली होती त्या जागेकडे बोट दाखवून विचारलं, "तिथे काय होतं?"

"विहीर," मी म्हणालो.

त्यांनी तिकडे पुन्हा एकदा बघितलं. मग मी सगळं सांगितलं: चामडी चेंडू, बारा घरांचं पाणी, चौथा नियम. माझं इंग्रजी ऑफिसपुरतं, पण त्यांनी पूर्ण ऐकून घेतलं. हसले नाहीत. शेवटी उठले आणि म्हणाले, "दोन महिने उरलेत. तेवढ्यात ती विहीर बुजवून टाक."

मी कामाला लागलो. वहीत रोजच्या सरावाची नोंद: चेंडू उजवीकडे गेला किती वेळा, मी झेप घेतली किती वेळा. पहिल्या दिवशी नऊपैकी नऊ. मग मनात 'थांब, थांब' म्हणत खेळून बघितलं, तर सगळाच खेळ मंदावला. गोव्याच्या गड्याला सांगितलं, मला मागून धर. त्याने दोनदा धरलं आणि दोन्ही वेळा आम्ही दोघंही आपटलो. तीन आठवड्यांनी आकडा नऊपैकी आठ झाला, आणि तो एकही मी पाय घसरल्यामुळे थांबलो होतो. साहेब वही बघत नसत, मैदान बघत. पुढच्या दोन सामन्यांत त्यांनी मला बाकावरच बसवलं.

सामना हरलो तेव्हाच मी जोडीदाराला पत्र टाकलं होतं. दुसऱ्या कुणाला काय लिहिणार? विहीर त्यालाच माहीत होती. त्याचं उत्तर साधारण महिन्याने आलं, वहीच्या दोन पानांवर, पेन्सिलीने. ते पत्र अजून माझ्याजवळ आहे.

'तुझं पत्र मास्तरांना वाचून दाखवलं. ते गंभीर झाले. मी हसलो. वाट लागली रे तुझी. पण तू मूर्ख आहेस. तुला थांबायचं कशाला आहे? मला कुणी सांगितलं थांब, तर मला जमेल काय? आपल्या अंगातच बसलंय ते. तू उडी मारच. पण तिकडे विहीर नाही ना? मग चेंडू बाहेर जायला घाबरतोस कशाला? चेंडू हातात आला की मागे टाकू नको. खाली बघ. जो कोणी तुझ्या अंगावर धावत येतो त्याच्या नडगीवर मार. त्याच्या पायाला लागून बाहेर गेला की तुमचाच, आधी कुणाचाही असला तरी. पुस्तकातच आहे, आपणच भांडायचो त्यावरून. इथे असं करून चाललं नसतं, इथे नडगीवरून तो काकूंच्या पोहऱ्यात गेला असता. पाळीवर उभा असताना मी कितीदा मनात हे केलंय. एकदा तरी करून बघायचं होतं. मेल्या, तुका तिकडे एवढी जागा दिली हा आणि तू रडतंस काय!'

खाली एक ओळ आणखी होती: 'तुझी आई बरी आहे, काळजी नको.'

मी ते पत्र कोठारात, पाइपांच्या मांडणीआड उभं राहून तीनदा वाचलं. मग ट्रंकेतून मुलाखतीच्या वेळची ती यादी काढली. कुठलीही यादी मी टाकत नाही. शेवटच्या ओळीपुढची जागा रिकामीच होती.

सराव सुरू केला. झेप तशीच ठेवली, फक्त नजर खाली आणायची. गोव्याच्या गड्याच्या दोन्ही नडग्या चार दिवसांत निळ्या झाल्या. तो म्हणायचा, "तुझ्या गावात विहिरी फार आहेत का रे बाबा?" साहेब कडेला उभे राहून बघत. पाचव्या दिवशी त्यांनी पहिल्यांदाच शिट्टी वाजवली आणि म्हणाले, "पुन्हा कर." पुन्हा केलं. "पुन्हा."

चाचणीचा शेवटचा सामना त्याच हिरव्या संघाशी होता, या वेळी त्यांच्याकडे, होडीने जाऊन. साहेबांनी मला उत्तरार्धात उतरवलं. बराच वेळ उजवीकडे काही आलंच नाही. मग आमच्याच लेबनानी गड्याच्या हातून चेंडू निसटला आणि उजव्या रेषेकडे निघाला. आमच्या हाताला लागून गेलेला, म्हणजे त्यांचा होणारा. हिरवे सगळे सैल पडले. तोच उंच माणूस आरामात चेंडूमागे चालत आला.

झेप घेतली, चेंडू पकडला, खाली बघितलं. त्याची नडगी माझ्या डोळ्यांच्या रेषेत होती. मी चेंडू तिच्यावर आपटला. तो उसळून बाहेर, प्रेक्षकांत गेला, आणि मी सिमेंटवर कोपर घासत पडलो. पंचांनी हात आमच्या बाजूला केला. उंच माणूस आधी पायाकडे, मग माझ्याकडे बघत राहिला आणि खदाखदा हसला. त्याने हात देऊन मला उठवलं. त्या सामन्यात मी असं दोनदा केलं. तिसऱ्या वेळी तर तो मला बघून लांबच थांबला.

आम्ही जिंकलो की नाही याचा इथे संबंध नाही, पण जिंकलो. दुसऱ्या दिवशी सकाळी कोठाराच्या काउंटरवर साहेबांनी पक्क्या कराराचा कागद ठेवला. "विहीर बुजवली नाहीस," ते म्हणाले.

"नाही," मी म्हणालो.

"राहू दे," ते म्हणाले आणि गेले.

पुढची चार वर्षं मी तिथे खेळलो. बसऱ्याला गेलो, कुवेतला गेलो, एकदा बैरुतला. तीन वेळा संघाचा कप्तान झालो. मग डावा गुडघा गेला. गार्डचा गुडघा गेला की राहतो तो स्टोअर क्लार्क, आणि स्टोअर क्लार्क कंपनीला मुंबईहून पाहिजे तेवढे मिळत होते. मी परत आलो. सामानाची यादी केली होती: बूट, दोन बनियन, ट्रॅन्झिस्टर, आईसाठी छत्री, काकूंसाठी खजूर.

वाडीत नळ आला होता. विहिरीवर सिमेंटची जाड लादी बसवली होती आणि संध्याकाळी तिच्यावर बसून काकू मटार सोलत असत. कड्या जागेवर होत्या, खांबावरचा कागद मात्र गेला होता, चार खिळे तेवढे राहिले होते. मास्तरांची बदली झाली होती. जोडीदार कारखान्यात आता चार्जहँड होता, म्हणजे हाताखाली पाच-सहा माणसं, पोट थोडं सुटलं होतं, पण रोज संध्याकाळी खेळत होता.

पहिल्या संध्याकाळी आम्ही दोघं लादीवर बसलो. त्याला सगळं ऐकायचं होतं. मैदान केवढं, दिवे किती, बैरुतला काय खातात. आणि सगळ्यांत आधी, "कुणाच्या नडगीवर मारलास?"

मी सांगितलं. त्याने पुन्हा सांगायला लावलं. उंच माणूस हसला तिथे तोही हसला, जणू तिथे उभा होता.

मग मी जे बोलायचं ठरवून आलो होतो ते बोललो. "मी तुला टायपिंग शिकवू शकलो असतो. मला वेळ होता."

"माहितेय मला," तो म्हणाला.

"कसं?"

"अरे, तू याद्या करतोस आणि पेडल मारता मारता, एका हातात कागद धरून मला वाचून दाखवतोस. विसरलास? बुटांचे तळवेपर्यंत वाचलंस आणि घडी करून खिशात टाकलंस. शेवटी काय लिहिलं ते वाचलं नाहीस. मी मागे बसलेलो, मला दिसत नव्हतं काय?"

मी लादीवरचं मटारचं टरफल उचलून लांब फेकलं.

"गप रव आता," तो म्हणाला. "बूट आणलेस ना? मग घाल. गुडघा दुखला तर दुखू दे."

खेळायला जमलेले नऊ जण होते, आम्ही धरून अकरा झालो, एक बाहेर बसला. जोडीदार माझ्या विरुद्ध संघात गेला, मुद्दाम. माझा गुडघा फार काही करू देत नव्हता. मी मागे उभा राहून पोरांना इकडे जा, तिकडे जा सांगत होतो. दहा-पंधरा मिनिटांनी त्याच्याच गड्याच्या हाताला लागून चेंडू विहिरीकडे निघाला. आमचा होणार होता. मी आपोआप पुढे धावलो.

पण विहीर त्या वेळी त्याच्या उजव्या हाताला होती, पाळी त्याची होती. त्याने झेप घेतली, पोटासकट, चेंडू पंजात धरला, आणि हवेतच मान वळवून खाली बघितलं. माझी नडगी त्याच्यासमोर होती. त्याने ती नीट निवडली. चेंडू सणकून माझ्या पायावर बसला आणि उसळून लादीवर गेला, लादीवरून काकूंच्या मटारांत.

"मेल्यांनो!" काकू ओरडल्या.

तो लादीला टेकून बसला होता, कोपर सोललेलं, धाप लागलेली. पायाला हात लावून मी वाकलो होतो. त्याने माझ्याकडे बोट दाखवलं.

"आमचा," तो म्हणाला.

मी भांडलो नाही. मटारांतून चेंडू उचलला, पुसला आणि त्याच्या हातात दिला.